लिव्होर्नोचा नेडो नादी

टोकियो ऑलिंपिकमध्ये २०२१ च्या जुलैत भवानी देवी सेबर हाती घेऊन मंचावर उतरली आणि ऑलिंपिकच्या तलवारबाजीत प्रथमच भारताचे नाव झळकले. पहिली लढत तिने १५-३ अशी जिंकली, दुसरी फ्रान्सच्या मानों ब्रुने हिच्याविरुद्ध गमावली. दोन वर्षांनी गोव्यात राष्ट्रीय क्रीडा स्पर्धा भरल्या, तेव्हा आपल्यापैकी अनेकांनी हा खेळ प्रथमच इतक्या जवळून पाहिला. चेन्नईच्या या मुलीने टोकियोची तयारी ज्या गावी केली ते गाव म्हणजे इटलीच्या पश्चिम किनाऱ्यावरील लिव्होर्नो. तलवारबाजीचे धडे घ्यायला जगाच्या दुसऱ्या टोकावरून माणसे या एका बंदरात का जातात, असा प्रश्न तेव्हा अनेकांना पडला असेल. त्याच्या उत्तरात एका कुटुंबाचे नाव वारंवार येते, नादी. आणि त्या कुटुंबातील थोरल्या मुलाचा पराक्रम असा, की शंभर वर्षे उलटून गेली तरी त्याची बरोबरी कोणाला करता आलेली नाही.

लिव्होर्नो हे मेदिची घराण्याने वसविलेले बंदर. व्यापाराला मोकळीक असल्याने तेथे ज्यू आले, आर्मेनियन आले, ग्रीक आले, इंग्रज व्यापारी आले. चित्रकार मोदिल्यानी आणि संगीतकार मास्कान्यी याच गावचे. अशा गावात ९ जून १८९४ रोजी नेडो नादीचा जन्म झाला. वडील ज्युसेप्पे, गावात बेप्पे म्हणून ओळखले जाणारे, हे तलवारबाजीचे गुरू होते. त्यांच्या आखाड्याचे नाव फिदेस. या लॅटिन शब्दाचा अर्थ निष्ठा. आपल्याकडच्या बडोद्याच्या किंवा बेळगावच्या जुन्या तालमींची आठवण यावी असेच ते वातावरण असले पाहिजे. शिष्यांना धाक, कसरतीला खंड नाही, आणि गुरूचा शब्द अखेरचा. फरक इतकाच की या तालमीत गुरूच्या पोटची दोन मुले शिष्यांत होती. नेडो थोरला. धाकटा आल्दो, १८९९ चा, त्याच्याहून पाच वर्षांनी लहान.

पुढचे समजण्यासाठी या खेळातील तीन शस्त्रांची ओळख करून घेणे आवश्यक आहे. फॉइल हे हलके, टोचण्याचे शस्त्र. वार फक्त धडावर, आणि आधी चाल कोणी केली याला महत्त्व. समोरच्याचा वार अडविल्याशिवाय उलट वार केला तर तो गुणात धरला जात नाही. म्हणून फॉइल हे जणू व्याकरण शिकविणारे शस्त्र मानले जाते. सेबर हे घोडदळाच्या तलवारीचे वंशज. त्यात टोकाबरोबर धारही चालते, आणि कमरेच्या वरचे सारे अंग लक्ष्य असते. तिसरे ईपी. ते द्वंद्वयुद्धाच्या तलवारीवरून आले. तेथे डोक्यापासून पायाच्या अंगठ्यापर्यंत कोठेही टोक लागले तरी चालते, आणि ज्याचे आधी लागले त्याचा गुण. चालीचा मान कोणाचा, हा प्रश्नच नाही. आपल्या दांडपट्टा आणि फरीगदग्याच्या खेळांत जसा हत्यारागणिक पवित्रा बदलतो, तसाच येथेही प्रत्येक शस्त्राबरोबर पावले, अंतर आणि मनाची घडण बदलते. आज एक खेळाडू आयुष्यभर बहुधा एकच शस्त्र हाताळतो.

बेप्पे नादींना ईपी मुळीच मान्य नव्हते. ते बेशिस्त शस्त्र आहे असे त्यांचे ठाम मत होते आणि फिदेसमध्ये त्याला प्रवेश नव्हता. फॉइल व सेबर मात्र त्यांनी मुलांकडून इतके घोटवून घेतले की चौदाव्या वर्षी नेडो व्हिएन्नात सम्राट फ्रान्झ योझेफच्या राज्यारोहणाच्या हीरक महोत्सवी वर्षातील स्पर्धेत चमकला. ईपी तो वडिलांच्या दाराबाहेर, दुसरीकडे शिकला. गुरू बाप असला की बंडही घरातलेच असते. वडिलांनी नाकारलेले शस्त्र मुलाने पुढे कोठवर नेले, ते यथावकाश येईलच.

१९१२ साली स्टॉकहोमला ऑलिंपिक भरले तेव्हा नेडो नुकताच अठरा वर्षांचा झाला होता. त्या वर्षी तलवारबाजीत शस्त्रांपेक्षा नियमांवरच अधिक खणाखणी झाली. फॉइलच्या लक्ष्यात दंडाचा भाग धरावा, ही मागणी मान्य न झाल्याने फ्रान्सने आपले तलवारबाज पाठविलेच नाहीत. ईपीचे पाते लांब ठेवू द्यावे ही इटलीची विनंती फेटाळली गेली, म्हणून इटलीने त्या प्रकारावर बहिष्कार घातला. वडिलांना ते वाईट वाटले नसावे. वैयक्तिक फॉइलच्या अंतिम फेरीत आठ जण होते. नेडोने सातही लढती जिंकल्या, एकही गमावली नाही. दुसरा आला त्याचाच देशबंधू पिएत्रो स्पेचाले, तिसरा ऑस्ट्रियाचा रिखार्ड फेर्डेर्बेर. फ्रेंच नव्हते म्हणून हे सुवर्ण थोडे स्वस्तात मिळाले, असे कोणी म्हणू शकेल. पण सातपैकी सात हा आकडा स्वतःच बोलतो. या भांडणांतूनच पुढच्या वर्षी, १९१३ मध्ये, पॅरिसला आंतरराष्ट्रीय तलवारबाजी महासंघाची स्थापना झाली आणि सर्व देशांना एकच नियमावली असावी याची वाट मोकळी झाली. अठरा वर्षांच्या विजेत्याला तेव्हा त्या कागदी कारभाराशी कर्तव्य नव्हते. पुढे त्याच कारभाराच्या खुर्चीत त्याला बसायचे होते.

१९१६ चे ऑलिंपिक बर्लिनला ठरले होते. महायुद्धाने ते गिळले. नेडो तेव्हा बावीस वर्षांचा, म्हणजे तलवारबाजाच्या ऐन उमेदीचा. तो घोडदळात दाखल झाला आणि शौर्याबद्दल त्याचा गौरवही झाला. ज्या पिढीच्या हाती फॉइल होते तिच्या हाती आता खऱ्या संगिनी आल्या होत्या.

मग आले १९२० चे अँटवर्प. युद्धाने पोळलेल्या बेल्जियममध्ये, घाईघाईत उभारलेल्या सोयींवर हे ऑलिंपिक भरले. तलवारबाजीचे एकूण सहा प्रकार होते: तिन्ही शस्त्रांत वैयक्तिक आणि सांघिक. त्यांपैकी पाच सुवर्णपदके नेडो नादीच्या गळ्यात पडली. वैयक्तिक फॉइलमध्ये फ्रान्सचे फिलिप कात्तियो आणि रोजे द्युक्रे हे कसलेले खेळाडू त्याच्या मागे राहिले, म्हणजे आठ वर्षांपूर्वीची ती शंकाही फिटली. वैयक्तिक सेबरमध्ये तो पहिला आणि धाकटा भाऊ आल्दो दुसरा. एकाच घरातील दोन मुले एकाच स्पर्धेच्या पहिल्या दोन स्थानांवर उभी आहेत, आणि दोघांचा गुरू लिव्होर्नोत बसून तारेची वाट पाहत आहे, असे चित्र डोळ्यांपुढे येते. सांघिक फॉइल, सांघिक सेबर आणि सांघिक ईपी या तिन्ही लढती इटलीने जिंकल्या आणि तिन्ही संघांत दोघे भाऊ होते. होय, ईपीसुद्धा. वडिलांच्या आखाड्यात ज्याला दार बंद होते त्या शस्त्राने बेल्जियमच्या यजमान संघाला मागे टाकले.

सहावे, वैयक्तिक ईपीचे सुवर्ण फ्रान्सच्या अर्माँ मास्सारने नेले. हे नाव लक्षात ठेवण्याजोगे आहे, कारण मास्सारही पुढे क्रीडा संघटक झाला आणि तीस वर्षांहून अधिक काळ फ्रान्सच्या ऑलिंपिक समितीचा अध्यक्ष राहिला. अँटवर्पची सहा सुवर्णे ज्या दोघांनी वाटून घेतली, ते दोघेही पुढे आपापल्या देशात खुर्चीवर बसले.

या पराक्रमाचे मोल करताना एक गोष्ट झाकून ठेवणे योग्य होणार नाही. अँटवर्पला हंगेरीला निमंत्रण नव्हते. महायुद्धात हरलेल्या देशांना दूर ठेवले होते. सेबर हे तर हंगेरीचे घरचे शस्त्र. १९०८ आणि १९१२ या दोन्ही ऑलिंपिकांत वैयक्तिक सेबरचे सुवर्ण हंगेरीच्या येनो फुक्सचे होते. ते आले असते तर नेडोची पाच पदके चार झाली असती काय, याचा निवाडा आता कोणी करू शकत नाही. त्याच अँटवर्पमध्ये अमेरिकेच्या विलिस ली या नौदल अधिकाऱ्यानेही नेमबाजीत पाच सुवर्णे मिळविली, पण ती सारी सांघिक होती. तलवारबाजीत एका ऑलिंपिकमध्ये पाच सुवर्णे पुन्हा कोणालाही मिळाली नाहीत. द्युक्रेने १९२४ मध्ये पाच पदके घेतली खरी, त्यांतील तीन सोन्याची. इटलीचा एदोआर्दो मान्जारोत्ती आणि हंगेरीचा अलादार गेरेविच यांची नावे एकूण पदकांत पुढे आहेत, पण त्यासाठी त्यांना कित्येक ऑलिंपिक खेळावी लागली. नेडोची सहा सुवर्णे दोन ऑलिंपिकांतली.

कारण त्याला तिसरे ऑलिंपिक मिळालेच नाही. वय अवघे सव्वीस, कीर्ती शिखरावर, आणि खिसा रिकामा. हौशी खेळाडूने खेळातून एक छदामही मिळवू नये, हा त्या काळातील ऑलिंपिकचा कायदा होता. तो कायदा केला होता ज्यांना मिळकतीची विवंचना नव्हती त्यांनी. गुरूच्या मुलाला गुरूकीच येत होती. नेडोने व्यावसायिक होण्याचा मार्ग धरला आणि तो अटलांटिक ओलांडून अर्जेंटिनाला, ब्यूनोस आयरेसच्या जॉकी क्लबात तलवारबाजी शिकवायला गेला. त्या काळी लिव्होर्नो, जिनोआ आणि नेपल्सहून लाखो इटालियन दक्षिण अमेरिकेची वाट धरत होते. कोणी गवंडी म्हणून, कोणी शेतमजूर म्हणून. पाच सुवर्णपदकांचा धनी त्याच वाटेने पोटासाठी गेला, हे वाचताना गोव्याच्या वाचकाला आफ्रिकेला आणि आखाताला गेलेली आपली माणसे आठवल्यावाचून राहणार नाहीत. मला विचाराल तर नेडोच्या चरित्रातील हा सर्वांत बोलका प्रसंग आहे. अँटवर्पच्या पदकांपेक्षाही.

तो फार काळ तेथे रमला नाही. काही काळाने मायदेशी परतला आणि प्रदर्शनीय लढती खेळत राहिला. आल्दोनेही व्यावसायिक मार्ग पत्करला. धाकट्याचा पिंड वेगळा होता. उंच, देखणा, तापट. १९२२ साली पॅरिसमध्ये लुसियाँ गोदँ या फ्रेंच महारथीशी त्याची गाजलेली लढत झाली आणि तो हरला. १९२४ मध्ये तलवारबाजीवर लिहिणाऱ्या अदोल्फो कोत्रोनेई या पत्रकाराशी त्याने खरे द्वंद्वयुद्ध केले. तेथे पात्यांच्या टोकांना गुंडी नव्हती आणि तोंडावर जाळीही नव्हती. पुढे तो अमेरिकेत स्थायिक झाला, हॉलिवूडच्या नटांना तलवारबाजी शिकवू लागला आणि इंग्रजीत या विद्येवर एक ग्रंथही त्याने लिहिला. थोरला भाऊ मात्र इटलीतच राहिला.

दोघे भाऊ मैदानाबाहेर असताना इटलीच्या तलवारबाजीची काय दशा झाली, ते १९२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये दिसले. फॉइलच्या सांघिक लढतीत फ्रान्सविरुद्ध पंचाशी भांडण झाले आणि इटलीचा संघ निघून गेला. सेबरमध्ये त्याहून वाईट. ओरेस्ते पुलिती हा बेप्पे नादींचाच लिव्होर्नोचा शिष्य. त्याला पुढे काढण्यासाठी त्याचे सहकारी मुद्दाम हरत आहेत, असा आरोप हंगेरीचे पंच कोव्हाच यांनी केला. पुलिती धमक्यांवर आला, स्पर्धेतून बाद झाला, आणि काही महिन्यांनी हे दोघे हंगेरीच्या सरहद्दीजवळ खऱ्या तलवारी घेऊन एकमेकांसमोर उभे राहिले. बराच वेळ झुंज झाल्यावर लोकांनी त्यांना सोडविले आणि मग समेट झाला. कौशल्य होते, पण त्याला आवर घालणारे कोणी नव्हते. संघटनेला माणूस हवा होता तो येथे.

नेडो संघाच्या तयारीत उतरला. १९३२ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकसाठी इटलीची तलवारबाजी त्याच्या देखरेखीखाली सिद्ध झाली. वैयक्तिक फॉइलचे सुवर्ण गुस्ताव्हो मार्झीने आणले, वैयक्तिक ईपीचे कोर्नाज्जा मेदिचीने. सांघिक तिन्ही प्रकारांत मात्र रौप्य. फॉइलमध्ये आणि ईपीत फ्रान्स पुढे, सेबरमध्ये हंगेरी. दोन सुवर्णे मिळाली असताना तीन रौप्ये डोळ्यांत खुपावीत, असा हा गुरू होता. संघ म्हणजे चार उत्तम खेळाडूंची बेरीज नव्हे, हे अँटवर्पला तीन सांघिक सुवर्णे जिंकलेल्या माणसाला कोणी सांगावे लागत नव्हते. याच सुमारास त्याने आपल्या आठवणींचे पुस्तकही लिहिले. त्याच्या नावाचा अर्थ होतो, मुखवट्यासह आणि मुखवट्याविना. तलवारबाजाच्या तोंडावरील जाळीला इटालियन भाषेत मुखवटाच म्हणतात. पण त्या काळच्या इटलीत या नावाला आणखीही अर्थ लागू शकत होता.

१९३५ साली नेडो नादी इटलीच्या तलवारबाजी महासंघाचा अध्यक्ष झाला. येथे थोडे थांबायला हवे. मुसोलिनीची सत्ता तेव्हा तेरा वर्षांची झाली होती. इटलीची ऑलिंपिक समिती १९२०च्या दशकातच फॅसिस्ट पक्षाच्या दावणीला बांधली गेली होती आणि खेळांच्या महासंघांवर माणसे निवडून येत नसत, वरून नेमली जात. त्याच वर्षी इटलीने इथिओपियावर आक्रमण केले, राष्ट्रसंघाने निर्बंध लादले, आणि रोमच्या राजवटीला जगापुढे मिरवायला जेत्यांची गरज पूर्वीहून अधिक वाटू लागली. पदके ही त्या राजवटीची पताका होती. अशा वेळी अध्यक्षपद स्वीकारणारा माणूस त्या पताकेचा एक काठ धरून उभा राहतो, हे नाकारण्यात अर्थ नाही. ज्यांनी तेव्हा देश सोडला किंवा तुरुंग पत्करला, त्यांच्या पंक्तीत नेडोला बसविता येणार नाही. पण त्या खुर्चीवर त्याने काय केले याकडे पाहिले, तर तेथे तलवारबाज दिसतो. आपल्याकडे क्रीडा संघटनेचा अध्यक्ष म्हटला की हार, दिवे आणि व्यासपीठ डोळ्यांपुढे येते. खेळाशी संबंध असलाच तर उद्घाटनापुरता. ज्याने तिन्ही शस्त्रे स्वतः हाताळली आहेत, हौशी आणि व्यावसायिक या दोन्ही जगांतली भाकरी चाखली आहे, तो अध्यक्ष समोर असला की प्रशिक्षकाला थाप मारता येत नाही आणि खेळाडूला निमित्त सांगता येत नाही.

१९३६ चे बर्लिन हे त्याच्या कारभाराचे प्रगतिपुस्तक ठरले. पुरुषांच्या सहा सुवर्णांपैकी चार इटलीने नेली. ज्युलिओ गौदिनी फॉइलमध्ये पहिला. फॉइलचा संघ पहिला, आणि या वेळी फ्रान्स दुसरा. सर्वांत मोठी कमाई ईपीत झाली. त्या वर्षी ऑलिंपिकमध्ये ईपीसाठी प्रथमच विजेवर चालणारी गुणनोंदणी वापरली गेली. टोक लागले की दिवा पेटतो, पंचाच्या नजरेवर विसंबायचे कारण उरत नाही. पॅरिसच्या त्या बदनाम भांडणांनंतर याहून चांगला पंच कोणता असणार? या नव्या यंत्रापुढे इटलीचे तिघे, रिक्कार्दी, रान्यो आणि कोर्नाज्जा मेदिची, वैयक्तिक ईपीत पहिले, दुसरे आणि तिसरे आले. सांघिक सुवर्णही इटलीचेच. त्या संघात सतरा वर्षांचा एक मुलगा होता, एदोआर्दो मान्जारोत्ती. पुढील चोवीस वर्षांत त्याने तेरा ऑलिंपिक पदके मिळविली. बेप्पे नादींनी बेशिस्त ठरविलेले शस्त्र त्यांच्या मुलाच्या अध्यक्षपदाखाली इटलीच्या मुकुटातील मोठा हिरा झाले.

सेबर तेवढे हाती लागले नाही. वैयक्तिक सुवर्ण हंगेरीच्या एंद्रे कबोशने जिंकले, मार्झी दुसरा; सांघिकमध्येही हंगेरी पहिला आणि इटली दुसरा. अँटवर्पच्या वेळची ती जुनी शंका अशी सोळा वर्षांनी पुन्हा डोके वर काढते. इटलीच्या त्या रौप्यविजेत्या संघात लिव्होर्नोचा आल्दो मोन्तानो होता. त्याचा मुलगा १९७२ मध्ये म्युनिकला सांघिक सेबरचे सुवर्ण जिंकून आला, आणि त्याचाच नामधारी नातू २००४ मध्ये अथेन्सला वैयक्तिक सेबरचा विजेता ठरला. तोच नातू टोकियोलाही खेळला, भवानी देवीच्या पहिल्या ऑलिंपिकमध्ये.

१९४० चे ऑलिंपिक आधी टोकियोला आणि मग हेलसिंकीला ठरले होते. नेडो त्यासाठी नवी पिढी तयार करीत असता २९ जानेवारी १९४० रोजी रोममध्ये वारला. वय पंचेचाळीस. युरोपात युद्ध पेटले होते, इटली त्यात जूनमध्ये ओढली गेली, आणि ते ऑलिंपिकही १९१६ च्या ऑलिंपिकसारखेच झाले नाही. लिव्होर्नोचे बंदर पुढे दोस्तांच्या बाँबफेकीत उद्ध्वस्त झाले. आल्दो लॉस एंजेलिसमध्ये १९६५ पर्यंत जगला, तलवारबाजी शिकवीत राहिला. फिदेसची मुले आजही सेबर आणि फॉइल खेळतात. ईपीही.